पालेर्मोत एक दिवस : तीन चर्च, दोन चर्च आणि सासूबाईंचे गुडघे

एका ताईंनी विचारले आहे की, त्यांचे कुटुंब सप्टेंबरमध्ये भूमध्य समुद्रातील सात रात्रींच्या क्रूझवर जाणार आहे. त्या स्वतः, यजमान, १२ आणि ८ वर्षांची दोन मुले आणि सत्तरीच्या आसपासचे सासू-सासरे असे सहा जण आहेत. जहाज सिसिली बेटावर पालेर्मोला सकाळी आठ ते संध्याकाळी पाच असे थांबते. त्या वेळात जहाजाची ‘पालेर्मो, मोनरेआले आणि चेफालू’ ही गाइडसह दिवसभराची सहल घ्यावी, बाहेरून गाडी आणि गाइड ठरवावा, की आपले आपण फिरावे, असा त्यांचा प्रश्न आहे. सासूबाईंचे गुडघे दुखतात, सगळे शाकाहारी आहेत, आणि ‘आपण ख्रिस्ती नाही, मग एका दिवसात तीन-तीन चर्च कशासाठी बघायची?’ असे सासऱ्यांचे म्हणणे आहे.

मी गेली बावीस-तेवीस वर्षे टूर मॅनेजर म्हणून मराठी मंडळींना युरोपात नेतो आहे आणि पालेर्मोच्या धक्क्यावर बऱ्याच वेळा उतरलो आहे. त्या अनुभवावरून सांगतो की, जहाजाची सहल की खासगी गाडी हा प्रश्न दुसऱ्या क्रमांकाचा आहे. तुमच्या हातात प्रत्यक्ष किती तास आहेत आणि त्यातील किती वेळ तुम्ही एखाद्या वास्तूच्या आत उभे असणार आहात, हे आधी पाहायला हवे. हे उत्तर बंदरातल्या वेळेवर, वारावर आणि सासूबाईंना एका दमात किती चालता येते यावर अवलंबून आहे. यांपैकी वार तुम्ही लिहिलेला नाही, म्हणून त्याच्याकडे शेवटी येतो.

आधी साधा हिशेब करू. जहाज आठला धक्क्याला लागले तरी उतरून, सगळे जमून बस सुटेपर्यंत नऊ वाजतात. पाचला सुटणाऱ्या जहाजावर साधारण साडेचारपर्यंत चढावे लागते, आणि शहाणा माणूस चारलाच बंदरात असतो. म्हणजे हातात सात तास, ४२० मिनिटे. चेफालू पालेर्मोच्या पूर्वेला साधारण ७० किलोमीटरवर आहे. बसने जाऊन-येऊन अडीच तास धरा. मोनरेआले जवळ, डोंगराच्या उतारावर आहे, तरी शहरातील गर्दीतून जाण्यायेण्यात ७० मिनिटे जातात. उरली २००. त्यातून जेवणाला एक तास काढा. चाळीस माणसांच्या गटात प्रत्येक थांब्यावर उतरणे, चढणे, माणसे मोजणे आणि कुणीतरी स्वच्छतागृहात राहिलेले असणे यांत पंधरा मिनिटे जातातच; असे चार थांबे म्हणजे आणखी एक तास. वाहनतळापासून चालत जाणे आणि सुरक्षा तपासणीची रांग यांना अर्धा तास. हे सगळे वजा केल्यावर तीन जगप्रसिद्ध वास्तूंसाठी मिळून ५० मिनिटे उरतात. माहितीपत्रकात तिन्ही नावे खरीच असतात; प्रत्येकीच्या वाट्याला सतरा मिनिटे येणार, एवढे मात्र त्यात लिहिलेले नसते.

म्हणून माझा सल्ला असा की, चेफालू सोडा. हे सांगताना मलाही वाईट वाटते, कारण तिथले कथीड्रल, म्हणजे बिशपचे मुख्य चर्च, सिसिलीचा राजा रॉजर दुसरा याने ११३१ मध्ये बांधायला घेतले आणि त्याच्या टोकाच्या अर्धगोलातील ख्रिस्ताचे भव्य मोझेक, म्हणजे रंगीत तुकडे जोडून केलेले भित्तिचित्र, ११४८ चे आहे. तिन्ही ठिकाणच्या ख्रिस्तमुद्रांत मला स्वतःला तीच सर्वांत आवडते. पण चेफालूची खरी मजा समुद्रकाठच्या त्या गावात निवांत रेंगाळण्यात आहे. पुढे कधी पालेर्मोत दोन-तीन रात्री मुक्काम केलात, तर साधारण तासाभरात आगगाडी थेट तिथे सोडते आणि गाइडचीही फारशी गरज पडत नाही. या खेपेला मोनरेआले आणि पालेर्मो एवढेच करा.

एकदा चेफालू वगळले की जहाजाची सहल की खासगी, हा प्रश्नही सोपा होतो. जहाजाच्या स्वतःच्या सहलीला उशीर झाला तर जहाज थांबते किंवा प्रवाशांना पुढच्या बंदरात पोहोचवण्याची जबाबदारी घेते. तुम्ही स्वतंत्र गेलात आणि उशीर झाला, तर जहाज निघून जाते आणि पुढच्या बंदरापर्यंतचा खर्च व खटाटोप तुमचा तुम्हाला करावा लागतो. त्यामुळे बंदरापासून जितके लांब जायचे तितके जहाजाच्याच सहलीकडे झुकायचे, असा नियम मी पाळत आलो आहे. चेफालूच्या वाटेवर महामार्गावर एक अपघात झाला तरी दिवस हातचा जातो. तिथे मी जहाजाच्या बसनेच जाईन. मोनरेआलेहून मात्र गाडी बंद पडली तरी टॅक्सी करून वेळेत परतता येते.

शिवाय तुम्ही सहा जण आहात. जहाज माणशी पैसे घेते, तर आठ आसनी गाडीचे भाडे गाडीमागे आणि गाइडचे शुल्क गटामागे असते. दोघांना परवडणार नाही असा हा खर्च सहा जणांत वाटला की बहुतेक वेळा जहाजाच्या आकड्याच्या जवळपास येतो. तुमच्या तारखेचे दोन्ही आकडे मागवून तुलना करा. मात्र गाडीवाला आणि गाइड ही दोन वेगळी माणसे असतात, हे ठरवतानाच स्पष्ट करून घ्या. इटलीत वास्तूच्या आत माहिती सांगण्याचा अधिकार परवानाधारक गाइडलाच असतो. मलाही इतक्या वर्षांनंतर तिथे गटासमोर उभे राहून व्याख्यान देता येत नाही. मी स्थानिक गाइड घेतो आणि मागे उभा राहतो. ‘ड्रायव्हरच सगळे दाखवेल’ असे कुणी सांगितले, तर तो दारापर्यंत सोडेल आणि बाहेर गाडीत बसेल, असा त्याचा अर्थ घ्या.

आता गाइड कशासाठी हवा आणि सासऱ्यांच्या शंकेचे काय, या दोन्हींचे उत्तर एकच आहे, आणि ते मोनरेआलेत मिळते. रॉजरचा नातू राजा विल्यम दुसरा याने ११७४ च्या सुमारास उभारायला घेतलेल्या या कथीड्रलच्या आतल्या भिंतींवर सहा हजार चौरस मीटरहून अधिक मोझेक आहे. गोव्याच्या जुन्या चर्चमध्ये आपण पाहतो तो सोन्याचा मुलामा लाकडावर असतो. इथे काचेच्या दोन थरांमध्ये सोन्याचा वर्ख धरून केलेले बोटाच्या नखाएवढे तुकडे भिंतीत किंचित तिरके बसवलेले असतात, त्यामुळे आपण चालू लागलो की भिंतीवरचा उजेडही आपल्याबरोबर सरकतो. पहिल्यांदा आत शिरलेला माणूस पाच मिनिटे फक्त ‘बाप रे’ म्हणतो. सहाव्या मिनिटाला मात्र मान दुखू लागते आणि सगळे सारखेच दिसू लागते. गाइडची गरज तिथे लागते.

मधल्या दालनाच्या दोन्ही भिंतींवर बायबलमधील सृष्टीच्या निर्मितीपासूनची कथा क्रमाने सांगितली आहे. वेरूळच्या कैलास लेण्यात रामायण-महाभारताचे पट्ट कसे ओळीने वाचत जावे लागतात, तसेच हे वाचायचे असते. कुठून सुरुवात करायची हे कळले की पुढचे आपोआप उलगडते. मुलांना नोहाची नौका शोधायला सांगा : नौका बांधणे, प्राण्यांना आत घेणे, पूर आणि पुन्हा जमिनीवर उतरणे, असा तो सगळा प्रसंग आहे. विहिरीवर उंटांना पाणी पाजणारी रिबेकाही तिथेच आहे. मोठ्यांसाठी एक गंमत मुख्य अर्धगोलात, ख्रिस्ताच्या खालच्या भागातील संतांच्या रांगेत आहे. तिथे कँटरबरीचे आर्चबिशप टॉमस बेकेट उभे आहेत. इंग्लंडचा राजा हेन्री दुसरा याच्या सरदारांनी ११७० मध्ये त्यांची चर्चमध्येच हत्या केली आणि ११७३ मध्ये ते संत घोषित झाले. विल्यमने लग्न केले ते याच हेन्रीच्या मुलीशी. सासऱ्यांच्या माणसांनी मारलेला मनुष्य जावयाच्या चर्चमध्ये संत म्हणून झळकतो आहे, हे कळल्यावर आमच्या गटातील सासरेमंडळी विशेष लक्ष देऊन वर बघू लागतात, असा अनुभव आहे.

चर्चला लागून असलेला मठाचा चौक चुकवू नका. त्याचे तिकीट वेगळे असते, म्हणून काही सहली तो गुपचूप गाळतात. चौसोपी वाड्यासारखी रचना, भोवती २२८ नाजूक खांब, बहुतेक जोडीजोडीने, काहींवर मोझेकची नक्षी, आणि प्रत्येक जोडीच्या माथ्यावर वेगळे कोरीव काम. इथे बसायला जागा आणि सावली मिळते. सासूबाई इथे बसल्या, की मुलांनी खांबांवरचे प्राणी मोजावेत आणि तुम्ही दोघांनी पंधरा मिनिटे काहीही करू नये. चर्चच्या गच्चीवर जाणारा अरुंद जिना मात्र ज्येष्ठांसाठी नाही.

पालेर्मोत परतल्यावर राजवाड्यातील कापेला पालातिना, म्हणजे राजाचे खासगी प्रार्थनामंदिर (चॅपल) पाहा. रॉजरने ते ११३२ मध्ये सुरू केले आणि ११४० मध्ये त्याचा पवित्रीकरण विधी झाला. आकाराने मोनरेआलेच्या मानाने ते लहानसेच आहे, पण मला विचाराल तर सगळ्या दिवसाचे सार इथे आहे. भिंतींवर ग्रीक कारागिरांच्या परंपरेतील मोझेक आहेत, मांडणी लॅटिन चर्चची आहे, आणि छत पाहाल तर मधमाश्यांच्या पोळ्यासारखे घडवलेले लाकडी, मुस्लिम कारागिरांचे, ज्यावर वाद्ये वाजवणारी आणि प्याले घेऊन बसलेली दरबारी माणसे रंगवलेली आहेत. पालेर्मो ८३१ मध्ये अरबांनी जिंकले, १०७२ मध्ये उत्तर फ्रान्सकडून आलेल्या नॉर्मनांनी घेतले आणि ११३० मध्ये रॉजर राजा झाला. पण त्याने आधीच्या लोकांना हाकलून न देता आपल्या कामाला लावले. चॅपलच्या बाहेर भिंतीत त्याच्या जलघड्याळाचा ११४२ चा शिलालेख आहे, तो लॅटिन, ग्रीक आणि अरबी अशा तीन भाषांत. गाइड घाईत असला तर तिथून सरळ पुढे जातो, म्हणून आवर्जून विचारा.

मी ठाण्याचा, त्यामुळे या राजवाड्यात मला एका गोष्टीचे अप्रूप वाटते. रॉजरच्या दरबारी अल-इद्रिसी नावाचा भूगोलकार होता. त्याने राजाच्या आज्ञेवरून जगाचे नकाशे आणि वर्णन असलेला मोठा अरबी ग्रंथ ११५४ मध्ये पूर्ण केला. त्यात कोकणपट्टीवरील बंदरांची वर्णने आहेत. ठाणे आहे, सोपारा आहे, चौल आहे, आणि ठाण्याजवळच्या डोंगरांतील बांबू व त्यापासून मिळणारे वंशलोचन यांचाही उल्लेख आहे. इद्रिसी स्वतः इकडे आला नव्हता, त्याने प्रवाशांकडून आणि जुन्या पुस्तकांतून हे जमवले. तरीही साडेआठशेहून अधिक वर्षांपूर्वी सिसिलीच्या राजाच्या पदरी बसून कुणीतरी ठाण्याच्या खाडीविषयी लिहीत होते, हे तुमच्या सासऱ्यांना राजवाड्याच्या जिन्यात उभे राहून सांगा. ‘आपला काय संबंध’ हा प्रश्न बहुधा तिथेच थांबेल.

राजवाड्यापासून पालेर्मोचे कथीड्रल पाच-सात मिनिटांच्या सपाट वाटेवर आहे. त्याच्या दक्षिणेच्या द्वारमंडपात एका खांबावर कुराणातील वचन कोरलेले आहे, आणि आत रॉजर व त्याचा नातू सम्राट फ्रेडरिक दुसरा यांच्या समाध्या आहेत. आतला भाग नंतर बदलला गेल्यामुळे तिथे वीस मिनिटे पुरतात. वेळ उरला तर पुढे क्वात्रो कांती चौक, आणि त्याच्याजवळच शेजारी-शेजारी उभी असलेली दोन चर्च, मार्तोराना आणि तीन लाल घुमटांचे सान काताल्दो. मार्तोरानात ख्रिस्त स्वतः रॉजरला मुकुट घालतो आहे असे मोझेक आहे. पण इथे एक इशारा देतो. सुरुवातीच्या वर्षांत एका शनिवारी मी गटाला दिमाखात तिथे नेले, तर आत लग्न लागत होते. तासभर आम्ही उन्हात पायऱ्यांवर. चूक माझीच होती. उघडण्याच्या वेळा मी पाहिल्या होत्या, त्या दिवशीच्या लग्नांची चौकशी केली नव्हती. शेवटी नवरानवरी बाहेर आल्यावर तांदूळ उधळले गेले, आणि आमच्यातील एका काकूंनी उत्साहाने ‘शुभमंगल सावधान’ म्हटले, एवढीच त्या दुपारची कमाई. तेव्हापासून शनिवारी आणि सणाच्या दिवशी मी स्थानिक गाइडला आदल्या दिवशी फोन करून विचारतो.

गुडघ्यांविषयी स्पष्ट लिहितो. मोनरेआलेत मोठ्या बसगाड्या खालच्या वाहनतळावर थांबतात आणि तिथून चढण व पायऱ्या आहेत. जहाजाच्या सहलीत सासूबाईंना त्या चढाव्या लागतील. लहान गाडी बरीच जवळ जाऊ शकते, आणि माझ्या मते खासगी गाडी घेण्याचे हेच सर्वांत मोठे कारण आहे. ड्रायव्हरला आधीच सांगा, की आजींना जितके वर सोडता येईल तितके सोडा. राजवाड्यातील चॅपल वरच्या मजल्यावर आहे. जिना रुंद आणि ठेंगण्या पायऱ्यांचा आहे, तरी हात धरायला कुणीतरी शेजारी असावे. ती वास्तू सिसिलीच्या प्रादेशिक विधानसभेचीही आहे, त्यामुळे पिशव्यांची तपासणी होते. सुपारीचा अडकित्ता, फळे कापायची सुरी जहाजावरच ठेवा. आत गेल्यावर उभ्याने माना वर करण्यापेक्षा बाकावर बसून पाहावे. लहानशी दुर्बीण नेलीत तर वरच्या चेहऱ्यांचे डोळेसुद्धा दिसतात.

पोशाखाबाबत खांदे आणि गुडघे झाकलेले असावेत, हा नियम पुरुषांच्या अर्ध्या चड्डीलाही लागू आहे. साडी किंवा पंजाबी ड्रेस असेल तर काहीच अडचण नाही. पुरुषांनी आत टोपी काढायची, चपला मात्र काढायच्या नाहीत. आमच्या गटातील साताऱ्याच्या एका आजींनी सवयीने दाराशी चपला काढून नीट भिंतीला लावून ठेवल्या आणि अनवाणी आत गेल्या. तिथल्या रखवालदाराने त्या उचलून त्यांच्यापुढे आणून ठेवल्या आणि हात जोडले. फरशी गार असते, आणि गुडघे दुखणाऱ्यांना तर ते मुळीच चालत नाही, म्हणून सासूबाईंना आधीच सांगून ठेवा.

जेवणात फसगत होते ती ‘हे तर साधेच दिसते’ अशा पदार्थांत. तांदळाचे तळलेले गोळे, म्हणजे आरांचिना, मांसाच्या सारणाचे असतात हे लोकांना माहीत असते; पण ‘लोण्याचा’ म्हणून जो मिळतो, त्यातही बहुधा हॅम असते. स्फिंचोने नावाच्या जाड पिझ्झावर अँचोवी मासा असतो. कान्नोली या गोड नळीचे कवच पारंपरिक पद्धतीत डुकराच्या चरबीचे असू शकते, म्हणून विचारल्याशिवाय घेऊ नका. उलट पानेल्ले हा हरभऱ्याच्या पिठाचा तळलेला पातळ तुकडा आपल्या सुरळीच्या वडीचा लांबचा भाऊ शोभेल असा असतो, आणि पावात घालून देतात. फक्त तेल कोणते आणि त्यात दुसरे काय तळतात ते विचारा. वांग्याची आंबटगोड कापोनाताही बहुतेक ठिकाणी शाकाहारी असते. तुमच्याकडे चीजमधील रेनेट, म्हणजे वासराच्या जठरातून काढलेले विरजणही चालत नसेल, तर जहाजावरून थेपले, दशमी असे काही नेणे उत्तम. मात्र ते चर्चच्या पायऱ्यांवर बसून खाऊ नका, बागेत बाक शोधा.

गाइड इंग्रजीतून बोलतो, इटालियन वळणाच्या इंग्रजीतून. सासू-सासऱ्यांना ते कितपत कळेल, याचा विचार आधी करा. कानातल्या यंत्रातून सलग दोन तास न कळणारी भाषा ऐकणे हा छळ आहे. मी आदल्या रात्री जेवणानंतर पंधरा मिनिटांत सगळी कथा मराठीत सांगून ठेवतो : रॉजर कोण, विल्यम कोण, भिंतीवर काय आहे. मग दुसऱ्या दिवशी गाइडने नुसते बोट दाखवले तरी ज्येष्ठ मंडळी एकमेकांना समजावू लागतात. तुमच्या घरात हे काम १२ वर्षांच्या मुलाला किंवा मुलीला द्या.

थोडक्यात तुमचा दिवस असा : नऊला लहान गाडीने निघून साडेनऊच्या सुमारास मोनरेआले, चर्च आणि चौक मिळून दोन तास, बाराच्या आसपास राजवाडा आणि चॅपल, सव्वा तास, मग जेवण, मग सपाट वाटेने कथीड्रल, आणि पाय साथ देत असतील तर क्वात्रो कांती, पावणेचारला बंदर. गाइड मोनरेआले आणि चॅपल या दोन्हींसाठी अर्ध्या दिवसाचा घ्या, जेवणानंतरचे तुमचे तुम्ही करा. पासपोर्टची छायाप्रत आणि जहाजाचे कार्ड सोबत असू द्या. आणि तुमचे जहाज मध्ये ट्युनिशियाला जात असेल, तर शेंगेन व्हिसा एकाहून अधिक प्रवेशांचा आहे ना, हे आजच तपासा.

राहिला वार. वरचा क्रम सोमवार ते शनिवारसाठी आहे. दुपारी दोन-तीन तास चर्च बंद ठेवण्याची पद्धत तिकडे अजून आहे, म्हणून मोनरेआले सकाळी उरकायचे. रविवार असेल तर सकाळी मिस्सा, म्हणजे चर्चमधील सामूहिक प्रार्थना, चालू असते आणि त्या वेळी पाहुण्यांना हिंडता येत नाही; चॅपलही रविवारी मधल्या मिस्सेसाठी थांबते आणि दुपारी लवकर बंद होते. अशा वेळी आधी चॅपल आणि दुपारी मोनरेआले, असा उलटा क्रम लावावा लागतो आणि परतीच्या वेळेत अर्ध्या तासाची जास्त सूट ठेवावी लागते. जहाज कोणत्या तारखेला पालेर्मोला लागते ते कळवा, म्हणजे त्या दिवसाच्या वेळा पाहून क्रम नक्की करता येईल.